ट्रॅक्टर सोडवायचा आहे, पण सही कुणाची?

गोदाकाठच्या एका गावातून एका ताईंचं पत्र आलं आहे. नाव-गाव गाळून त्यातला मजकूर थोडक्यात देतो.

"ट्रॅक्टर माझ्या नावावर आहे. बाईच्या नावावर घेतला की अनुदान जास्त मिळतं म्हणून घरच्यांनी तसा घेतला. मला चालवता येत नाही, दीर आणि एक ड्रायव्हर चालवतात. बारा दिवसांपूर्वी रात्री दिरांच्या सासरवाडीला घरकुलासाठी वाळू नेताना महसूलच्या पथकाने तो पकडला. आता तहसीलच्या आवारात उभा आहे. तिथे गेलं की कारकून म्हणतो, साहेब मीटिंगला गेलेत. माझ्या नावाने नोटीस आली आहे : दीड ब्रास वाळू, ब्रासला 8,000 रुपये बाजारभाव, त्याची पाचपट म्हणजे 60,000, आणि ट्रॅक्टर-ट्रॉलीचा दंड 1 लाख. दीर म्हणतात, कोर्टात अर्ज टाकला की दोन दिवसांत सुटतो, त्यांच्या मित्राचा सुटला होता. गावातला एक जण म्हणतो, 40,000 द्या, पावतीची भानगड नको, रात्रीत ट्रॅक्टर दारात आणतो. वाळू घरकुलाची होती, ती तर सरकार फुकट देतं ना? हरभऱ्याची पेरणी खोळंबली आहे, बँकेचा हप्ता तोंडावर आहे. घरचे म्हणतात, तू फक्त सह्या कर, बाकी आम्ही बघतो. मी काय करू?"

ताई, शेवटच्या वाक्यापासून सुरू करतो, कारण तुमच्या पत्रात मला सगळ्यात जास्त खटकलं ते तेच. "तू फक्त सह्या कर." नोटीस तुमच्या नावावर, दंड तुमच्या नावावर, उद्या दंड थकला तर बोजा चढेल तो तुमच्या सातबाऱ्यावर, आणि सुटकेच्या वेळी जे बंधपत्र लिहून द्यायचं आहे तेही तुमचंच. मग बाकी काय उरलं जे ते बघणार आहेत? तेव्हा या कामात तुम्ही स्वतः जायचं. सोबत दीर असू देत, पण कागद तुमच्या पिशवीत असू देत.

आता पहिलं काम. ट्रॅक्टर कुणी, कोणत्या कलमाखाली अडवून ठेवला आहे, हे कागदावर बघून घ्या. मी बरीच वर्षं तहसील कार्यालयात काढली. आवारातल्या लिंबाखाली एक ट्रॅक्टर तीन पावसाळे उभा होता. ट्रॉलीच्या फटीतून बाभळीचं रोप वर आलं होतं, टायर जमिनीला चिकटले होते. मालकाने खर्च केला नाही असं नव्हतं, चांगला वकील दिला होता. पण वाहन महसूलने अडवलेलं आणि अर्ज न्यायालयात. तिथून परत आला तेव्हा वर्ष गेलं होतं, मग कार्यालयातले साहेब बदलले, मग त्याचा जीवच त्यातून उठला. तुमच्या दिरांच्या मित्राचा ट्रॅक्टर कोर्टातून सुटला हे खरं असेल, पण त्याचा पोलिसांनी पकडलेला असणार. तुमचा महसूलने पकडला आहे. दोन्हीच्या वाटा वेगळ्या.

पोलिसांनी गुन्हा नोंदवून वाहन जप्त केलं, तर ते न्यायालयाच्या ताब्यातला मुद्देमाल होतं. चोरीचं कलम, म्हणजे भारतीय न्याय संहितेतलं 303, आणि त्यासोबत खाण-खनिज कायदा असे हे गुन्हे असतात. तिथे प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करायचा. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचं 451 आणि 457 कलम होतं, 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं 497 आणि 503 आहे. न्यायालय सुपुर्दनाम्यावर वाहन देतं : फोटो काढून, हमी घेऊन, विकणार नाही आणि बोलावलं की हजर करीन असं लिहून घेऊन. सर्वोच्च न्यायालयाने 2002 साली सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात सांगितलेलंच आहे की जप्त वाहनं ठाण्याच्या आवारात सडत ठेवण्यात काही अर्थ नाही. वकील मंडळींना हे प्रकरण तोंडपाठ असतं आणि म्हणूनच ते चटकन कोर्टाकडे बोट दाखवतात.

महसूलचा रस्ता महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 48 मधून जातो. त्यातली दोन पोटकलमं लोक एकत्र कालवतात आणि तिथेच गोंधळ होतो. पोटकलम 7 आहे वाळूच्या दंडाचं : खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत, आणि तो तहसीलदार लावू शकतात. पोटकलम 8 आहे वाहनाचं. अडवलेलं वाहन 48 तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांसमोर किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या, उपजिल्हाधिकारी दर्जाच्या खाली नसलेल्या अधिकाऱ्यासमोर मांडायचं असतं. व्यवहारात बहुधा प्रांतसाहेब, म्हणजे उपविभागीय अधिकारी. वाहन सोडायचा अधिकार त्यांचा. ठरलेला दंड भरून आणि मालकाने वैयक्तिक बंधपत्र देऊन ते सोडता येतं. 2018 च्या नियमदुरुस्तीत वाहनानुसार आकडे ठरले : ट्रॅक्टर-ट्रॉलीला 1 लाख, डंपरला 2 लाख, पोकलेनसारख्या यंत्राला साडेसात लाख. तुमच्या नोटिशीतला 1 लाख तिथून आला.

म्हणजे तुम्ही बारा दिवस ज्या टेबलासमोर उभ्या आहात ते टेबल चुकीचं आहे. तहसीलमधला कारकून "साहेब मीटिंगला गेलेत" म्हणतो ते खरंही असेल, पण साहेब भेटले तरी ट्रॅक्टर सोडण्याचा आदेश प्रांत कार्यालयातून यावा लागेल. अर्ज तिकडे करा, प्रत तहसीलदारांना द्या, दोन्हीकडे आवक-शिक्क्याची पोच घ्या. पोच न घेता दिलेला अर्ज म्हणजे विहिरीत टाकलेलं पत्र.

त्याआधी पोलीस ठाण्यात जाऊन एवढंच विचारा की या वाहनाबाबत गुन्हा नोंद आहे का. महसूलने पकडल्यावर पुढे पोलिसांतही फिर्याद दिली जाते, आणि दोन्ही एकाच वेळी चालू शकतं, कायद्याने त्याला अडकाठी नाही. गुन्हा असला तर ड्रायव्हरच्या जामिनापासून सगळ्याला वकील लागेल आणि न्यायालयाचा अर्जही करावा लागेल. मग कोर्टाने सोडला तरी महसूलचा दंड उरतो, आणि महसूलने सोडला तरी कोर्टाची परवानगी उरते. एका हाताने सुटतो, दुसऱ्या हाताने पुन्हा धरतात, आणि मालक म्हणतो माझ्यावर अन्याय झाला. आधीच विचारलेलं बरं.

आता पंचनामा. तुमच्या पत्रात पंचनाम्याचा उल्लेख नाही, म्हणजे तुम्ही तो बघितलेला नसणार. त्याची नक्कल मागा. ती हातात आली की उन्हात बसून, घाई न करता वाचा. जप्तीखाली सही कुणाची आहे? कलमात जप्तीचा अधिकार तहसीलदार दर्जाच्या खाली नसलेल्या, जिल्हाधिकाऱ्यांनी प्राधिकृत केलेल्या अधिकाऱ्याला आहे. तलाठी (आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणतात) किंवा मंडळ अधिकारी यांनी अडवणं वेगळं आणि जप्तीचा आदेश वेगळा. प्रांतांसमोर ट्रॅक्टर कोणत्या तारखेला मांडला? 48 तास उलटून गेले असतील तर ते अर्जात लिहायचं. पंच कोण, त्यांच्या सह्या आहेत का, जागा आणि वेळ लिहिली आहे का. आणि सगळ्यात महत्त्वाचं : वाळू मोजली का, की "अंदाजे" लिहिलं?

हा "अंदाजे" शब्द फार महाग पडतो. एक ब्रास म्हणजे 100 घनफूट. दिरांना टेप घेऊन ट्रॉलीचं माप घ्यायला सांगा. समजा ट्रॉली आतून 10 फूट लांब, 6 फूट रुंद आणि फाळका 2 फूट उंच आहे. काठोकाठ भरली तर 120 घनफूट, म्हणजे सव्वा ब्रासलाही कमी. शीग लावली तरी त्यात दीड ब्रास बसवताना घाम फुटेल. आणि वाळू फाळक्याच्या दीड फुटापर्यंतच होती असं ट्रॉलीतल्या ओल्या रेषेवरून किंवा पथकाच्याच फोटोवरून दिसलं, तर झाली 90 घनफूट. तुमच्याच नोटिशीतल्या 8,000 च्या भावाने 0.9 ब्रासचे पाचपट 36,000 होतात. 60,000 आणि 36,000 यात हरभऱ्याचं बियाणं आणि खत निघतं. वाळू अजून ट्रॉलीतच असेल तर पुन्हा मोजणीची लेखी मागणी करा, आजच्या आज. ट्रॉली रिकामी करून वाळू आवारात ओतली असेल तर ट्रॉलीच्या मापाचे फोटो आणि आरसी बुकावरचा तपशील जोडा.

तसंच, कायद्यात शब्द "पाचपटीपर्यंत" असा आहे. म्हणजे किती लावायचा यात साहेबांना थोडी मोकळीक असते. पहिलीच वेळ, शेतीसाठीचा ट्रॅक्टर, मालक महिला, प्रमाण कमी, हे खुलाशात लिहिलं तर निदान त्याचा विचार करणं त्यांच्यावर येतं. खुलासाच दिला नाही तर पूर्ण आकडा कायम होतो. कारणे दाखवा नोटिशीला उत्तर न देणं ही आपल्याकडची जुनी खोड आहे. लोक म्हणतात, उत्तर देऊन काय होणार? उत्तर दिलं नाही म्हणून अपिलात काय होतं ते मी बघितलं आहे.

घरकुलाच्या फुकट वाळूबद्दल. घरकुल लाभार्थ्याला 5 ब्रासपर्यंत वाळू मोफत देण्याचं धोरण आहे, हे तुम्ही बरोबर ऐकलं. पण फुकट आहे ती किंमत. पास लागतोच. तहसीलने लाभार्थ्याच्या नावावर परवानगी द्यायची, कुठून आणि किती उचलायची ते ठरायचं, आणि वाहतुकीचा परवाना गाडीसोबत असायचा. दिरांच्या सासऱ्यांकडे असा परवाना त्या रात्रीच्या आधीचा असेल आणि फक्त गाडीत ठेवायचा राहिला असेल, तर तो तुमचा सगळ्यात भक्कम कागद आहे, खुलाशाला जोडा. आणि नसेल तर नाही. आता कुणी "मागच्या तारखेचा पास काढून देतो" म्हणेल. महाखनिज या शासनाच्या ऑनलाइन प्रणालीवरच्या पासावर बारकोड असतो, वेळ असते. खोटा पास जोडलात की दंडाच्या प्रकरणाचं बनावट कागदाच्या गुन्ह्यात रूपांतर होतं, आणि त्या अर्जावर सही तुमची असेल.

40,000 वाल्या माणसाबद्दल मला फार लिहायचं नाही. पावती नसलेल्या पैशाने सुटलेला ट्रॅक्टर कागदावर सुटतच नाही. कागदावर तो आवारातच असतो, आणि मग एक दिवस "आवारातून जप्त ट्रॅक्टर पळवला" म्हणून मालकावर चोरीचा गुन्हा होतो. अशा बातम्या तुम्ही वाचल्या असतील, त्यातल्या काहींची सुरुवात अशीच असते. दंड शासकीय चलनानेच भरा, चलनाची प्रत जपा. आणि पैसे मागणारा माणूस कार्यालयातला असेल किंवा कार्यालयाच्या नावाने मागत असेल तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा 1064 हा क्रमांक फुकट लागतो.

अर्जात काय लिहायचं? वकिलाकडून लिहून घेतलात तरी चालेल, पण भाषा साधी असू द्या. साधारण असा मजकूर पुरतो :

"मी सदर ट्रॅक्टर व ट्रॉलीची नोंदणीकृत मालक आहे. दिनांक अमुक रोजी सदर वाहन अडवून ठेवण्यात आले असून सध्या तहसील कार्यालयाच्या आवारात आहे. वाहन उघड्यावर असल्याने त्याचे नुकसान होत आहे. रब्बीच्या पेरणीसाठी वाहनाची नितांत गरज आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता कलम 48(8) अन्वये विहित दंड भरण्यास व बंधपत्र देण्यास मी तयार आहे. कलम 48(7) खालील दंडाच्या रकमेबाबत व वाळूच्या परिमाणाबाबत माझी हरकत राखून ठेवून वाहन सोडण्याचा आदेश व्हावा, ही विनंती."

"हरकत राखून" हे शब्द विसरू नका. ते असले तर पैसे भरले म्हणजे सगळं कबूल केलं असं कुणाला म्हणता येत नाही, आणि अपिलाचं दार उघडं राहतं. सोबत आरसी बुक, विमा, आधार, सातबारा, पंचनाम्याची नक्कल आणि ट्रॉलीच्या मापाचे फोटो जोडा. ट्रॉलीची नोंदणी आहे ना? पुष्कळांच्या ट्रॉलीचं पासिंगच नसतं आणि ऐन वेळी तिथे गाडं अडतं.

कार्यालय तुम्हाला म्हणेल, आधी दोन्ही दंड भरा, मग बघू. कलम 48(8) मध्ये सुटकेची अट म्हणून वाहनाचा ठरलेला दंड आणि बंधपत्र एवढंच आहे. तेव्हा वाळूचा दंडही आत्ताच भरायला लावत असतील तर तसं लेखी मागा. लेखी मागितलं की बोलणं बऱ्याचदा मवाळ होतं. तरीही पेरणी हातची जात असेल आणि पैशांची सोय असेल, तर हरकत राखून दोन्ही भरून ट्रॅक्टर आणणं हा काही मूर्खपणा नाही. तत्त्वासाठी रान पडीक ठेवा असं मी सांगणार नाही. अपील नंतरही करता येतं : तहसीलदारांच्या आदेशावर प्रांतांकडे, प्रांतांच्या आदेशावर जिल्हाधिकाऱ्यांकडे, आदेशापासून 60 दिवसांत. अपिलासोबत स्थगितीचा अर्ज वेगळा करावा लागतो, नुसत्या अपिलाने वसुली थांबत नाही. अर्जावर प्रांत कार्यालय आठवडेच्या आठवडे काहीच करत नसेल, तर उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात जाता येतं. पण तो खर्चाचा रस्ता आहे, आधी पोच घेतलेले दोन अर्ज तरी हातात हवेत.

काहीच केलं नाही तर? दंड जमीन महसुलाच्या थकबाकीसारखा वसूल होतो, सातबाऱ्यावर बोजा येतो, आणि वाहनाचं मूल्यांकन करून लिलाव लागतो. बँकेचा हप्ता मात्र या सगळ्यात एक दिवसही थांबत नाही. ट्रॅक्टर तुमच्या दारात आहे की तहसीलच्या, याच्याशी बँकेला देणं-घेणं नाही. हप्ता चुकवू नका, नाहीतर इकडून सुटलेला ट्रॅक्टर तिकडे ओढून नेतील.

दरम्यान आवारात जाऊन ट्रॅक्टरचे फोटो काढून ठेवा : चारही टायर, बॅटरी, तासांचं मीटर, डिझेल टाकीचं झाकण. फोटोंवर तारीख येऊ द्या. बॅटरी नेहमी आधी जाते. ताब्यात घेताना ही यादी समोर ठेवून सही करा.

आणि आता बंधपत्र, ज्याच्यासाठी हे एवढं लांबलं. ते 500 रुपयांच्या मुद्रांकावर होतं. त्यात तुम्ही लिहून देणार की हे वाहन पुन्हा कधीही अवैध उत्खननासाठी किंवा वाहतुकीसाठी वापरलं जाणार नाही. बंधपत्राची रक्कम वाहनाच्या बाजारभावापर्यंत असू शकते. ट्रॅक्टर पाच-सहा लाखांचा असेल तर तेवढ्या रकमेला तुम्ही बांधल्या जाता. दीर नाही, ड्रायव्हर नाही, घरकुलवाले तर नाहीच. आणि पुन्हा कुणाच्या घरकुलाला, कुणाच्या कंपाऊंडला, कुणाच्या मंदिराच्या ओट्याला "एकच खेप" टाकायची वेळ येणार, हे तुम्हालाही माहीत आहे. त्या रात्री तुम्ही झोपलेल्या असाल.

म्हणून सही करायच्या आधी घरात बसून बोला. सासूबाईंना समोर बसवा, त्या दिरांना तुमच्यापेक्षा जास्त ओळखतात. ट्रॅक्टरची चावी रात्री तुमच्याकडे राहील हे ठरवा. भाडं कुठलं घ्यायचं, कुठलं नाही, हे ड्रायव्हरला तुम्ही स्वतः सांगा, दिरांमार्फत नको. दंडाचे पैसे कोण भरणार हेही आत्ताच बोला, ट्रॅक्टर दारात आल्यावर तो विषय कुणी काढणार नाही. सासरवाडीचं काम होतं, तर सासरवाडीने हातभार लावायला हरकत काय आहे? हे सगळं एका वहीत लिहून दिरांची सही घेतलीत तर ते रागावतील. रागावू देत. तुमच्याकडून तर सरकार मुद्रांकावर लिहून घेतंय. आणि कुणी मुखत्यारपत्र करून दे म्हणालं तर या कामापुरतं तरी ते देऊ नका.

तुमच्या नोटिशीवर खुलाशासाठी किती दिवस दिले आहेत ते पत्रात नाही. नोटिशीच्या शेवटच्या परिच्छेदात, सहीच्या वर, तारीख असते. आज संध्याकाळी आधी ती बघा. मुदत उलटून गेली असेल तरी खुलासा द्या, वर उशिराचं कारण एका ओळीत लिहा, आणि दोन प्रती काढायला विसरू नका.